फिल्म लॉक झाल्यावर फोन करणाऱ्या निर्माते-दिग्दर्शकांना खुलं पत्र

नमस्कार मंडळी,

मराठीत माहितीपट, बायोपिक, ओटीटीच्या सिरीज बनवणाऱ्या सगळ्यांसाठी हे पत्र आहे, मोठे बॅनरवाले पण आणि घरचं सोनं गहाण ठेवून पहिली डॉक्युमेंटरी करणारे पण. मी तुमच्या फिल्मसाठी जुनं फुटेज शोधते आणि ते वापरायचे हक्क मिळवून देते. कुणा एकावर राग नाहीये (म्हणजे थोडा आहे, पण नाव घेणार नाही).

गेल्या महिन्यात रात्री साडेदहाला एक फोन आला. "ताई, फिल्म लॉक झालीय, फक्त तेवढं आर्काइव्हचं क्लिअर करून द्या, जास्त नाहीये, 11 मिनिटं असेल." (लॉक म्हणजे एडिट पक्कं, क्लिअर म्हणजे जुन्या फुटेजचे हक्क मिळवणं.) मी म्हटलं टाइमलाइन पाठवा, म्हणजे एडिटची मांडणी. आली. 43 क्लिप, त्यातल्या 38 यूट्यूबवरून उतरवलेल्या, काहींवर कुणाच्यातरी चॅनेलचा लोगो, तो ब्लर करून वर काळी पट्टी मारलेली, आणि फाइलचं नाव "पानशेत रेअर ओरिजिनल फायनल 2". डिलिव्हरी कधी? "शुक्रवारी." त्या दिवशी सोमवार होता.

आता ती पानशेतची क्लिप. गढूळ पाणी, पडलेली घरं, चिखलातून चालणारी माणसं, सगळं एआयने रंगवलेलं, चेहरे मेणासारखे गुळगुळीत. आणि मागे एका दुकानाची अर्धी पाटी दिसतेय. गुजरातीत! मी पॉज करून झूम करून बघितलं, मग आणखी 2 ठिकाणी पडताळलं, तर ते मोरबीचं निघालं, 11 ऑगस्ट 1979 ला मच्छू धरण फुटलं तेव्हाचं. पानशेत फुटलं 12 जुलै 1961 ला. मध्ये 18 वर्षं आणि एक अख्खं राज्य. दिग्दर्शकाला सांगितलं तर तो म्हणतो, "पण इमोशन सेम आहे ना ताई, पाणी ते पाणीच."

अरे बाबा, पुण्यात तुझा शो लागला की तिसऱ्या रांगेत एखाद्या आजी बसलेल्या असणार, ज्यांनी त्या दिवशी नारायण पेठेतल्या वाड्याच्या माळवदावरून हे पाणी चढताना डोळ्यांनी बघितलंय. त्यांना तू मोरबी दाखवणार? आणि मोरबीत जी माणसं गेली त्यांचं काय, त्यांच्या मरणावर आपण पुण्याचं लेबल चिकटवायचं?

असो. मुळात आमचं काम काय असतं हेच बऱ्याच जणांना माहीत नाही असं मला हल्ली वाटायला लागलंय. मी गेली 16 वर्षं हे करतेय आणि आमच्या सोसायटीतले काका अजून विचारतात, "फुटेज शोधतेस म्हणजे सीसीटीव्हीचं का?" त्यांना मी माफ केलंय. पण तुम्ही सिनेमावाले आहात ना!

तर काम असं. स्क्रिप्ट कच्चं असतानाच ते वाचायचं, कुठल्या प्रसंगाचं चित्रीकरण असण्याची शक्यता आहे आणि कुठल्याची शून्य आहे हे सांगायचं. मग कॅटलॉग उपसायचे. मग स्क्रीनर मागवायचे, म्हणजे टाइमकोड आणि वॉटरमार्क छापलेली हलकी कॉपी. ती बघून शॉटवार लॉग करायचा. एडिटमध्ये काय राहिलं, काय गेलं त्यावर नजर ठेवायची. हक्क कुणाचे ते शोधायचं, घासाघीस करायची, शेवटी मास्टर किंवा नवीन स्कॅन मागवून तो बरोबर फ्रेमला बसवून घ्यायचा. यातली शेवटची पायरी तुम्हाला दिसते आणि तुम्हाला वाटतं हिला फक्त एक मेल टाकायचाय.

कॅटलॉग उपसणं हे तर वेगळंच प्रकरण आहे. जुन्या ब्रिटिश न्यूजरीलमध्ये, म्हणजे थिएटरात दाखवायच्या बातमीपटांत, पुणे सापडत नाही, पूना सापडतं. सोलापूर नाही, शोलापूर. ठाणे नाही, थाना. वसई शोधायची तर बसीन टाकावं लागतं, आणि मग धडाधड दुसऱ्या महायुद्धाच्या क्लिप येतात, तुम्ही खूश, आणि नंतर कळतं की बसीन नावाचं एक गाव ब्रह्मदेशातही आहे आणि हे सगळं तिकडचं आहे. मी स्वतः पहिल्या वर्षी या खड्ड्यात पडलेय, 2 दिवस वाया घालवलेत, म्हणून सांगतेय. न्यूजरीलच्या कॅमेरामनने डब्यासोबत पाठवलेला कागद असतो, त्याला डोप शीट म्हणतात, कुठे, कधी, कोण कोण दिसतंय ते त्यात लिहिलेलं. तो कागद सापडला की दिवाळी. नाही सापडला तर पाट्या, टोप्या, गाड्या, झाडांना पानं किती आहेत, सावल्या कुठे पडल्यात यावरून अंदाज बांधायचा. खरी फिल्म हातात असेल तर कडेला बघायचं, कोडॅकच्या फिल्मच्या काठावर गोल, चौकोन, त्रिकोण अशा खुणा असतात, त्यावरून ती पट्टी कुठल्या वर्षी बनली ते कळतं. पण त्या खुणा 20 वर्षांनी परत तशाच येतात, त्यामुळे 1927 की 1947 हे डोकं वापरूनच ठरवावं लागतं.

बरं, फुटेज असतं कुठे? सगळ्यांचं उत्तर एकच, "एनएफएआयमध्ये असेल की." म्हणजे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात. पुण्यात लॉ कॉलेज रोडला 1964 मध्ये सुरू झालेलं हे संग्रहालय आपल्या दाराशी आहे हे आपलं नशीब, आणि पी. के. नायर साहेबांनी आयुष्य घालून ते उभं केलं. पण तिथे मुख्यतः चित्रपट. बातमीपटांसाठी मुंबईत पेडर रोडचं सरकारी फिल्म्स डिव्हिजन, आणि 2022 पासून या दोन्ही संस्था एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळात गेल्यात. आता गंमत बघा, 15 ऑगस्ट 1947 चं फुटेज मागायला येणारे दर वर्षी जुलैत येतात (जुलैत!) आणि विचारतात आपल्या सरकारने काढलेलं शूट द्या, परदेशी कंपनीला डॉलर का मोजायचे. तर मंडळी, 1946 मध्ये सरकारी बातमीपटाचं युनिट बंद केलं गेलं होतं आणि फिल्म्स डिव्हिजन उभं राहिलं 1948 मध्ये. म्हणजे देश स्वतंत्र झाला त्या रात्री सरकारकडे स्वतःचं न्यूजरील युनिटच नव्हतं. त्या दिवसांचं जे आपण बघतो ते परदेशी न्यूजरील कंपन्यांनी आणि अंबालाल पटेलांसारख्या खासगी माणसांनी टिपलेलं. म्हणून बिल लंडनहून येतं.

गोव्याचं तसंच. डिसेंबर 1961 च्या आधीचा गोवा हलताना बघायचा असेल तर लिस्बनचं दार वाजवावं लागतं, तिथल्या सरकारी टीव्हीचं आर्काइव्ह आणि तिथलं सिनेमातेका, म्हणजे चित्रपट संग्रहालय. कॅटलॉग पोर्तुगीजमध्ये. पणजीला पांजिम किंवा त्याहून जुनं नोव्हा गोवा म्हणून शोधायचं. आणि कॅमेरा सगळा राज्यकर्त्यांच्या खांद्यावरचा, म्हणजे गव्हर्नर येतोय, बँड वाजतोय, चर्चची मिरवणूक. शेतातली गावडा बाई त्यात कोपऱ्यात 3 सेकंद असते. ते 3 सेकंद शोधणं हेच आमचं काम.

आणि काही गोष्टी नाहीयेत म्हणजे नाहीयेत. एकाने मला लोकमान्यांचं "बोलतानाचं ओरिजिनल" मागितलं होतं, आवाजासकट. लोकमान्य 1920 ला गेले, आपल्याकडे बोलपट आला 1931 ला. आणि तो पहिला बोलपट तरी कुठे उरलाय, आलम आराची एकही प्रिंट आजवर मिळालेली नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची, ती पेट घेते, पेटली की पाण्यानेही विझत नाही, जानेवारी 2003 मध्ये पुण्यात एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या गोदामाला आग लागली तेव्हा प्रभातच्या काळातला केवढा ऐवज गेला. त्याच्याही आधी कित्येक रिळं लोकांनी चांदीसाठी भंगारात विकली, फिल्मवरच्या रसायनात चांदी असते ना. नायट्रेटनंतर आली अ‍ॅसिटेटची फिल्म, ती पेटत नाही पण आंबते, व्हिनेगरसारखा वास यायला लागतो, पट्टी आक्रसते, वाकडी होते, आणि एकदा ते सुरू झालं की थांबवता येत नाही, थंड जागेत ठेवून फक्त लांबवता येतं. मग आले व्हिडिओचे दिवस, टेप महाग, जगभरच्या टीव्हीवाल्यांनी जुन्यावरच नवीन रेकॉर्ड केलं. हे सगळं सांगितलं की समोरचा म्हणतो, "बघा ना ताई, कुठेतरी असेलच."

राजा हरिश्चंद्रचंच घ्या. 4 रिळांपैकी पहिलं आणि शेवटचं, एवढीच उरलीत. आणि ती दोन्ही 1913 च्या मूळ चित्रपटाची नसून फाळक्यांनी 1917 मध्ये परत केलेल्या आवृत्तीची आहेत असं काही अभ्यासक म्हणतात. तरी प्रत्येक फिल्ममध्ये तो शॉट येतो आणि खाली बिनधास्त 1913. मी प्रत्येक वेळी नोट टाकते, प्रत्येक वेळी नोट डिलीट होते.

आता हक्कांचं, कारण खरी बोंबाबोंब तिथेच होते. ब्रिटिश पाथे या जुन्या न्यूजरील कंपनीच्या संग्रहाने 2014 मध्ये 85 हजार क्लिप यूट्यूबवर टाकल्या आणि तेव्हापासून लोकांना वाटतं हे फुकट झालं. बघायला फुकट आहे हो, वापरायला नाही. दुकानाची काच पारदर्शक आहे म्हणून आतली साडी आपली होत नाही. आपल्या कायद्याने चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर 60 वर्षं, पुढच्या कॅलेंडर वर्षापासून मोजायची, म्हणजे 1964 चा चित्रपट 1 जानेवारी 2025 ला मोकळा झाला. इथे लगेच टाळ्या. थांबा. त्यातली गाणी कुणी लिहिली, कधी वारले, त्यांचे हक्क वेगळे मोजायचे. तुमची फिल्म परदेशात दाखवायची तर तिथला कायदा वेगळा. आणि सगळ्यात महत्त्वाचं, कॉपीराइट संपला तरी प्रिंट कुणाच्यातरी कपाटात आहे, ते कपाट थंड ठेवायला वीज लागते, स्कॅन करायला माणूस आणि मशीन लागतं, त्याचे पैसे तो घेणारच.

लायसन्स बहुतेक ठिकाणी सेकंदावर किंवा मिनिटावर असतं, खाली एक मिनिमम असतं, आणि रेट ठरतो कुठे दाखवणार, किती वर्षं, कुठल्या माध्यमात त्यावर. तुम्ही पैसे वाचवायला फक्त फेस्टिव्हलचे हक्क घेता, ठीक आहे, पहिल्या फिल्मला मी स्वतः तेच सुचवते. पण तेव्हाच पुढच्या हक्कांचा रेट लिहून घ्या! नाहीतर काय होतं, फिल्मला बक्षीस मिळतं, ओटीटीवाला दारात येतो, तुम्ही आनंदात, आणि मालकाला कळतं की आता हे अडकलेत, मग तो सांगेल तो आकडा. एका फिल्मचं असंच झालं, 40 सेकंदांसाठी अख्खा सौदा 7 महिने अडकला, शेवटी तो सीन कापला. तो त्या फिल्ममधला सगळ्यात चांगला सीन होता. मला अजून वाईट वाटतं.

खरं दुखणं यूट्यूबची क्लिप वापरण्यात नाहीये, टेम्प म्हणून, म्हणजे तात्पुरती, एडिटर टाकतोच, मीही टाकू देते. दुखणं हे की ती 5 महिने टाइमलाइनवर राहते, संगीत तिच्यावर बांधलं जातं, दिग्दर्शक तिच्या प्रेमात पडतो, आणि मग मी शेवटच्या आठवड्यात व्हिलन म्हणून एंट्री घेते. सुरुवातीला बोलावलं असतं तर मी त्याच प्रसंगाचा दुसरा, स्वच्छ, परवडणारा शॉट दिला असता, कदाचित कुणी बघितलाच नाही असा. दर वेळी तेच तेच 10 शॉट का दिसतात आपल्या फिल्म्समध्ये? कारण सगळे शेवटच्या आठवड्यात शोधतात आणि शेवटच्या आठवड्यात गूगलच्या पहिल्या पानापलीकडे कुणी जात नाही.

बारीकसारीक चिडचिड पण इथेच काढून घेते. मूकपटाच्या काळातलं शूट साधारण सेकंदाला 16 फ्रेमच्या आसपासचं, ते सरळ 24 वर चालवलं की माणसं दीडपट वेगाने तुरुतुरु पळतात आणि प्रेक्षक हसतो. स्वातंत्र्यसैनिकांच्या मोर्चावर हसतो! (गांधीजी खरंच भरभर चालायचे, पण एवढे नाही.) चौकोनी फ्रेम ओढून रुंद स्क्रीनभर करू नका, यशवंतरावांच्या चेहऱ्याचं थालीपीठ होतं. कापूही नका, डोकी उडतात. दोन्ही बाजूंना काळं राहिलं तर राहू द्या, कुणी तिकिटाचे पैसे परत मागत नाही.

आता एआय. मला आतापर्यंत 3 जणांनी विचारलंय, "नाही मिळत तर जुनं दिसेल असं बनवून घेऊ का?" गिरणी संपाचं, 1982 चं, लालबागच्या गल्लीतलं, दाणेदार, ओरखडे-बिरखडे टाकून. बनेल हो. 10 मिनिटांत बनेल. पण त्यातला तो कामगार कोण? त्याची कुठली गिरणी? संपानंतर त्याच्या घरी काय झालं हे विचारायला मी कुणाकडे जाऊ? आणि उद्या तुमच्या फिल्ममधून कुणी तो तुकडा उचलणार, त्याच्यावर "रेअर ओरिजिनल" लिहिणार, आणि 5 वर्षांनी तो माझ्याच टाइमलाइनवर येऊन बसणार. अमेरिकेत आमच्यासारखं काम करणाऱ्यांनी आर्काइव्हल प्रोड्युसर्स अलायन्स नावाची संघटना केलीय, त्यांनी 2024 मध्ये यावर मार्गदर्शिका काढली. मथितार्थ असा की बनवलंच तर प्रेक्षकाला स्पष्ट सांगा आणि काय, कसं बनवलं याची नोंद ठेवा. आपल्याकडे तेवढं जरी पाळलं तरी मी पेढे वाटेन. नाट्यरूपांतर करायचं तर उघड करा ना, नटाला फेटा बांधा, प्रेक्षकाला कळतं. नकली ओरखडे कशाला?

अपस्केलिंगचंही, म्हणजे मशीनने चित्र मोठं आणि स्पष्ट करण्याचंही, तेच. गर्दीतला अस्पष्ट चेहरा मशीन स्वच्छ करतं म्हणजे काय करतं, तर नवीन नाक-डोळे लावतं. तो माणूसच बदलतो. कुणाचातरी आजा असतो तो.

माणसांवरून आणि त्यांच्या नावांवरून आठवलं. बाबासाहेबांच्या अंत्ययात्रेचं चित्रीकरण, 7 डिसेंबर 1956, दादर. तो जनसागर आज आपण बघू शकतो त्यामागे नामदेव व्हटकर नावाचा माणूस आहे, लेखक, कलावंत. कुठल्या स्टुडिओने पाठवलं नव्हतं, कुणी बजेट दिलं नव्हतं, पदरमोड करून त्यांनी कॅमेरा आणि फिल्म उभी केली आणि शूट केलं. फिल्म त्या काळी फुटावर विकत घ्यायची वस्तू होती, एक हजार फुटांचं 35 एमएमचं रीळ जेमतेम 11 मिनिटं चालतं. त्या 11 मिनिटांची किंमत त्यांना ठाऊक होती. आणि आपण दर 6 डिसेंबरला ती दृश्यं लावतो, खाली क्रेडिट काय, "सौजन्य : इंटरनेट". इंटरनेट काय खांद्यावर कॅमेरा घेऊन दादरला उभं होतं का?

मला एवढंच हवंय की स्क्रिप्टच्या दुसऱ्या ड्राफ्टला मला, किंवा माझ्यासारख्या कुणालाही, फोन करा. बजेटच्या कागदावर आर्काइव्हची ओळ पहिल्या दिवसापासून असू द्या, "किरकोळ" मध्ये नको, "किरकोळ" मध्ये चहा आणि मी एकाच रकान्यात असते. टेम्प क्लिप टाकताना एडिटरला सांगा लिंक आणि टाइमकोड लिहून ठेव, पोरगा 10 सेकंदांत लिहील, माझे 3 दिवस वाचतील. नाही सापडलं तर काळ्या पडद्यावर आवाज चालवा, मुलाखत घ्या, नकाशा दाखवा, एखादा फोटो अर्धा मिनिट स्थिर ठेवायची हिंमत करा. आणि शूट केलेल्या माणसाचं नाव माहीत असेल तर ते टाका. माझं नाही टाकलं तरी चालेल. (टाका हो. 16 वर्षांत 4 वेळा स्पेलिंग चुकलंय आणि 2 वेळा "स्पेशल थँक्स" मध्ये ढकललंय, हॉटेलवाल्याच्या खाली.)

त्या शुक्रवारच्या फिल्मचं काय झालं विचाराल. शुक्रवार गेला. डिलिव्हरी 5 आठवडे पुढे ढकलली, 38 पैकी 21 क्लिप बदलल्या, 9 काढल्या, उरलेल्या 8 चे मालक सापडले. पानशेतसाठी शेवटी सदाशिव पेठेतल्या एका कुटुंबाकडचे पुरानंतरचे 7 फोटो मिळाले, मागे पेन्सिलने तारीख आणि गल्लीचं नाव लिहिलेले. दिग्दर्शक आधी रुसला होता. मग मिक्सिंगच्या दिवशी त्याने स्वतःहून एकेक फोटो 4 सेकंदांनी लांबवला.

पुढच्या सोमवारपासून 4 दिवस मी कोल्हापुरात आहे. एका काकूंनी कळवलंय की त्यांच्या सासऱ्यांना 8 एमएमचा नाद होता, माळ्यावर 6 डबे आहेत, आणि उघडले की कैरीच्या लोणच्यासारखा आंबूस वास येतो. त्या म्हणाल्या सावकाश या, काही घाई नाही. तो वास येतोय म्हणजे घाई आहे. त्यामुळे त्या 4 दिवसांत कुणाची फिल्म लॉक होत असेल तर मी फोन उचलणार नाही, मेसेज करून ठेवा, आणि त्यात क्लिपच्या लिंका असू द्या.

तुमची,
एक फुटेज शोधणारी